मंगळवारची हजेरी

खात्यात तिला पाठीमागे सगळे 'परतबघू' म्हणायचे. तिला ते ठाऊक होतं, आणि त्यात खोटं काही नव्हतं. दवाखान्याच्या तळमजल्यावर, जिथे ऑपरेशनची हत्यारं धुऊन, पुसून, ट्रेमध्ये लावून, कापडात बांधून वाफेच्या यंत्रात घालतात, तिथे ती एकवीस वर्षं काम करत होती. ट्रे बांधायच्या आधी ती यादीवर बोट ठेवून एकेक कात्री, एकेक चिमटा बघायची आणि सगळं बघून झालं की म्हणायची, "थांबा, परत एकदा बघू." बाकीच्या बायका कपाळाला हात लावायच्या. पुढची पाळी दारात येऊन उभी राहिली तरी हिचं आपलं चालूच.

वरचे डॉक्टर म्हणायचे, काय जबाबदार बाई आहे! जबाबदार कसली हो, भित्री होती. आपल्या हातून काहीतरी चुकेल, मग कोणीतरी बोलावून घेईल, विचारेल, आणि आपल्याला तोंड उघडून उत्तर द्यावं लागेल, याची तिला लहानपणापासून धास्ती. शाळेत बाई रागवायच्या शेजारणीला आणि पोटात गोळा यायचा हिच्या.

ही भीती बाहेरून आलेली नव्हती, घरचीच होती. आई कधी हात उगारायची नाही. आई बोलणं बंद करायची. ताई, म्हणजे हीच बाई, तिशीत असताना तिला दुसऱ्या शहरातल्या मोठ्या दवाखान्यात बढतीवर जागा मिळत होती, तेव्हा आई सव्वीस दिवस तिच्याशी बोलली नव्हती. ताट वाढायची, कपडे वाळत घालायची, पण चकार शब्द नाही. घरात चालताफिरता भिंत असल्यासारखी. सत्ताविसाव्या दिवशी ताईने बढती नाकारल्याचा कागद आणून टेबलावर ठेवला, तेव्हा आईने विचारलं, "जेवलीस का?" त्यानंतर ताईने आईच्या मनाविरुद्ध काही केलं नाही. लग्नही झालं नाही. आधी वडिलांचं आजारपण, मग धाकट्या भावाचं शिक्षण, मग वयच निघून गेलं, आणि सेहेचाळिसाव्या वर्षी ती त्याच घरात, त्याच मागच्या खोलीत, आईची ताई म्हणून राहत होती. घरात तिला सगळे ताईच म्हणायचे. दोन वर्षांपूर्वी भावजय आली, तीही ताईच म्हणायला लागली.

भावजय चष्म्याच्या दुकानात काम करायची. लग्नानंतर आईने ते सोडायला लावलं. बोलकी पोरगी, हसरी. आल्या आल्या तिसऱ्याच दिवशी तिने ताईचा सैल झालेला चष्मा तिच्या नाकावरून सरळ काढूनच घेतला, आपल्या पिशवीतला बारीक पेचकस काढला आणि म्हणाली, "ताई, दोन वर्षं तुम्ही जग तिरपं बघताय, कुणी सांगितलं नाही का तुम्हाला?" ताई इतकी हसली होती की आईने आतून विचारलं, काय झालं म्हणून.

मग टेम्पोचं सुरू झालं. धाकट्याचं सोफे आणि गाद्यांचं दुकान, माल पोचवायला भाड्याची गाडी लागायची. लग्नात सासऱ्यांनी टेम्पो द्यायचं कबूल केलं होतं, असं आई म्हणायची. सासरे म्हणायचे, बघू असं म्हटलं होतं. आधी टोमणे, मग फोन काढून घेणं, मग माहेरी जायचं बंद. जेवणाच्या टेबलावर भावजयीशी कोणी बोलायचं नाही. तो प्रकार ताईला चांगला ओळखीचा होता, म्हणून ती लवकर जेवून उठायची. मध्ये पडायचं तिच्या मनात यायचं, नाही असं नाही. पण मनात येणं आणि तोंडातून बाहेर पडणं यात या बाईचं उभं आयुष्य गेलं होतं, त्याला आता काय करणार?

आणि मग पोलिसांकडून फोन आला. भावजय माहेरी निघून गेली त्याला नऊ दिवस झाले होते. हुंड्यासाठी छळ, गरम इस्त्रीने हात भाजला, अशी तक्रार. फोन धाकट्याने घेतला आणि तिथेच खुर्चीत बसला. आई म्हणाली, "आपण काय केलंय असं?" तिने विचारलं कुणाला कोण जाणे.

वकिलाचं ऑफिस औषधाच्या दुकानावर होतं. छोटी खोली, भिंतभर फायली, टेबलावर काच, काचेखाली कुणाकुणाची कार्डं. वकील खोकल्याच्या गोळ्या चघळत बोलायचा. तक्रारीची नक्कल त्याच्यासमोर होती. ताईला खुर्ची कोपऱ्यात मिळाली, आणि तिथून तिला फक्त कागदाची मागची बाजू दिसत होती.

"माझं नाव आहे का त्यात?" तिने विचारलं. आवाज असा निघाला की वकिलाला पुन्हा विचारावं लागलं.

"आहे ना," तो म्हणाला. "असल्या तक्रारीत घरातल्या सगळ्यांची नावं येतात. सासू, दीर, नणंद, लांबची काकूसुद्धा. पण नाव असून भागत नाही. कोर्ट विचारतं, नेमकं कोणी काय केलं? कधी केलं? कोण कुठे होतं? तेव्हा तुम्ही आधी मला सांगा, त्या मंगळवारी दुपारी तीन-साडेतीनला तुम्ही कुठे होतात?"

ताई काही बोलायच्या आत आई म्हणाली, "कामावर. दुसरीकडे कुठे असणार?" आई हे म्हणाली आणि पदर सारखा करत बसली. ताईकडे तिने बघितलंही नाही.

"कागद आहे काही? हजेरीचा?"

आता बघा, इथे ताईने गप्प बसायला हवं होतं. आयुष्यभर जिथे बोलायला हवं तिथे गप्प बसली, आणि जिथे गप्प बसायचं तिथे तिच्या तोंडून निघून गेलं, "रजिस्टरात माझी सही आहे."

हे खोटं नव्हतं. रजिस्टरात तिची सही होती. नुसती हजेरीची नाही, यंत्रात घातलेल्या प्रत्येक लोडच्या कागदावर वेळ, दाब आणि खाली तिची सही. मंगळवारी दुपारी दोन ते रात्री नऊ, पाच लोड, पाच सह्या. फक्त त्या ताईने केलेल्या नव्हत्या. ताई त्या मंगळवारी घरात होती.

खात्यातल्या बायकांची ही जुनी रीत. पाळी बदलायची तर ऑफिसचा फॉर्म भरा, त्यावर तीन जणांच्या सह्या आणा, आणि तोवर ज्या कामासाठी सुटी हवी ते काम होऊनही जायचं. त्यामुळे बायका आपापसातच अदलाबदल करायच्या आणि जी येईल ती दुसरीच्या नावाने सही ठोकून मोकळी व्हायची. सगळ्यांना सगळ्यांच्या सह्या येत होत्या. नवी बाई लागली की आठवड्याभरात तिची सही गिरवून घ्यायच्या, हसतखिदळत. ताईची सही सगळ्यात सोपी, शाळकरी, सुटी सुटी अक्षरं. त्या मंगळवारी पुढारिणीने तिच्या जागी काम केलं होतं. पुढारीण म्हणजे खात्यातली सगळ्यात जुनी बाई, साहेबांशी भांडण असलं की हीच पुढे. तिला शुक्रवारी मुलीकडे जायचं होतं, ताईला सोमवारपासून अर्धशिशीने भंडावलं होतं. दोघींनी पाळी बदलली, संपलं.

"रजिस्टर!" वकिलाने टेबलावर टिचकी मारली. "अहो, मग काळजी कसली? तिने लिहिलंय की नणंद घरात होती. आपण दाखवलं की नव्हती. सरकारी दवाखान्याचा कागद, पाच सह्या. जी बाई एवढी मोठी थाप मारते, तिचं बाकीचं तरी कशावरून खरं? तुम्ही एकट्या सुटत नाही ताई, तुम्ही सगळ्यांना सोडवताय."

धाकट्याने नऊ दिवसांनी पहिल्यांदा मोठा श्वास घेतला. आईने ताईच्या गुडघ्यावर हात ठेवला. असा हात आईने किती वर्षांत ठेवला नव्हता, आणि ताईला मात्र तिथून पळून जावंसं वाटत होतं.

"पण तिचा हात," ताई म्हणाली. "हाताला डाग आहे."

"इस्त्री करताना भाजतं माणसाला."

"आणि समजा," ताई म्हणाली, आणि तिने ओठ ओले केले, "समजा घरात कोणी असलं. त्याने काही केलं नाही, नुसतं ऐकलं. तर त्याला काय होतं?"

वकिलाने गोळी एका गालातून दुसऱ्या गालात घेतली. "ते अवघड असतं. नुसतं ऐकलं की साथ दिली, हे ठरवायला वर्षं जातात. तोवर तारखा, जामीन, नोकरीतून निलंबन. आत जायची वेळही येऊ शकते. पण तुमचा काय संबंध? तुम्ही तर कामावर होतात." मग तो धाकट्याकडे वळला. "यांना कागद वाचायला देऊ नका. उगाच घाबरतील."

त्या मंगळवारचं खरं काय ते ताईला आणि फक्त ताईला ठाऊक होतं. आईला आणि धाकट्याला आपलं आपलं ठाऊक होतं, ताई घरात होती हेही, पण ताईचं बाकीचं नाही.

ती मागच्या खोलीत पडदे ओढून डोळ्यांवर ओला रुमाल घेऊन पडली होती. गोळी घेतली होती, पण झोप लागलेली नव्हती. बाहेरच्या खोलीत भावजय इस्त्री करत होती. आई तिला म्हणत होती, फोन लाव बापाला आणि सांग, या महिन्यात टेम्पो आला पाहिजे. भावजय म्हणाली, बाबांना या वर्षी जमणार नाही. आई म्हणाली, जमेल, तू नीट रडून सांगितलंस की जमेल. धाकटा दुपारचा जेवायला आलेला होता, तो काही बोलला नाही. मग खुर्ची सरकली. मग भावजय ओरडली. माणूस पायाला ठेच लागून ओरडतो तसं नाही, तो आवाज ताईने दवाखान्यातही कधी ऐकला नव्हता. आई अगदी शांतपणे म्हणाली, "आता तरी लावशील फोन?"

ताई उठून उभी राहिली. बाहेरून पावलं पळत मागच्या खोलीकडे यायला लागली. आणि आता ऐका, या बाईने काय केलं. तिने दाराची कडी लावली. दार नुसतं लोटलेलं होतं. तिने ती कडी हळूच, आवाज होणार नाही अशी, बोटाने धरून सरकवली. पुढच्या क्षणाला दारावर तळहात आपटला. "ताई! ताई, दार उघडा!" दोनदा आपटला, तीनदा. ताई दाराच्या आत हातभर अंतरावर उभी होती. तिला भावजयीचा श्वास ऐकू येत होता. तिने स्वतःचा श्वास रोखून धरला होता. मग धाकट्याचा आवाज आला, "चल इकडे, तमाशा नको," आणि पावलं परत गेली.

संध्याकाळी ताई बाहेर आली तेव्हा भावजय मोरीत नळाखाली हात धरून बसली होती. ताईने मलम लावलं, जाळीचं कापड ठेवून पट्टी बांधली, एकवीस वर्षं हेच बघत आलेल्या बाईला ते उत्तमच जमलं. आणि पट्टी बांधता बांधता म्हणाली, "मला कळलंच नाही गं. गोळी घेऊन गाढ झोपले होते." भावजयीने मान हलवली. दुसऱ्या दिवशी सकाळी आई बाजारात गेली होती तेवढ्यात ती घर सोडून गेली.

वकिलाच्या ऑफिसातून आल्यावर ताईचे दिवस कसे गेले ते विचारू नका. दुधवाला आला तरी तिला खाकी दिसायची. रस्त्याने जाताना पोलिसांची गाडी शेजारून गेली तर ती चपलेचा पट्टा नीट करायला खाली वाकायची, ती गाडी वळेपर्यंत उठायची नाही. आपल्याला आत टाकतील हे एक, आणि आपण सुटू हे दुसरं, या दोन्हीची भीती तिला सारखीच वाटत होती. सुटू म्हणजे काय? सुटू म्हणजे ती पोरगी खोटारडी ठरेल. हातावर भाजल्याची खूण घेऊन कोर्टात उभी राहील, आणि सगळे म्हणतील, नणंद तर घरात नव्हतीच, ही बाई थापा मारते. आणि ते म्हणायला लावणारी सही ताईची.

त्याच आठवड्यात वर ऑपरेशन चालू असताना ताईने बांधलेला ट्रे उघडला, तर त्यात एक चिमटा कमी. एकवीस वर्षांत पहिल्यांदा. वरची नर्स जिना उतरून खाली आली आणि सगळ्यांदेखत ओरडली. ताईने परत बघितलंच नव्हतं. नर्स गेल्यावर ती यंत्राच्या मागे जाऊन उभी राहिली, तिथे वाफेचा आवाज मोठा असतो, रडलेलं कोणाला ऐकू जात नाही.

पुढारीण तिथे आली. एरवी हिचा आवाज दोन मजले वर जायचा, आज कुजबुजत होती. "ऑफिसात वकील येऊन रजिस्टराची नक्कल मागून गेला म्हणे. त्या मंगळवारची. काय चाललंय तुझं?"

ताईने सगळं सांगितलं. कडी सोडून सगळं.

"मेले ना मी!" पुढारिणीने तोंडावर हात मारला. "अगं, हत्यारांच्या कागदावर खोटी सही. पाच लोड! माझी सहा वर्षं राहिलीत. घरी बसवतील मला. तुझ्या घरची भानगड माझ्या गळ्यात कशाला?" मग जरा थांबून म्हणाली, "तू काय सांगणार आहेस?"

"वकील म्हणतात, कामावर होते म्हणून सांगा."

"मग सांग की! हात्तिच्या, मला वाटलं तू खरं सांगायला निघालीस." तिच्या चेहऱ्यावर इतकं हायसं आलं की ताईला तिच्याकडे बघवेना. जाता जाता पुढारिणीने तिला स्वतःचा चहा दिला, वर म्हणाली, "घाबरू नको गं, आपण दोघी आहोत."

म्हणजे आता गळ्यात गळे घालून बसलेली माणसं चार झाली. आई, धाकटा, पुढारीण आणि ताई. चौघांचं तारण एका खोट्या सहीवर, आणि पलीकडे एकटी ती पोरगी. हा हिशोब ताई रोज करायची आणि रोज कालच्याइतकीच घाबरायची.

सोमवारी अकरा वाजता जबाबाला बोलावलं. आदल्या संध्याकाळी वकिलाने तिला घोकून घेतलं. दोनच वाक्यं. मी कामावर होते. मला काही माहीत नाही. तिसरं वाक्य बोलायचं नाही. सकाळी आईने तिच्या साडीला स्वतः टाचण लावली. "सरळ बोल," आई म्हणाली. "लहान आहे तो. त्याचं आयुष्य पडलंय." स्वतःबद्दल आई काही म्हणाली नाही. तिलाही भीती वाटत होती हे ताईला त्या टाचण लावणाऱ्या बोटांवरून कळलं, आणि आई घाबरलेली बघणं हे तिला सगळ्यात भयंकर वाटलं.

चौकीत आई आणि धाकटा बाहेर बाकावर बसले. आत ताई एकटी. टेबलापलीकडे एक पोलीस अधिकारी बाई, ताईपेक्षा दहा-बारा वर्षांनी लहान, सर्दी झालेली, दोन बोटांनी कॉम्प्युटरवर टाइप करणारी. शेजारच्या टेबलावर कोणीतरी हरवलेल्या मोटरसायकलची तक्रार देत होतं, रंग सांगत होतं. ताईने पिशवी मांडीवर घेतली.

"पाणी घेता का?" मॅडमनी विचारलं.

"नको. मी कामावर होते," ताई म्हणाली.

मॅडमनी तिच्याकडे बघितलं. "अजून मी काही विचारलं नाही, बाई." मग त्यांनी फाइल ओढली. "तुमच्या वकिलांनी रजिस्टराची नक्कल दिलीय, ती बघितली मी. पण तक्रारदार म्हणते तुम्ही घरात होतात. तक्रार वाचलीय ना तुम्ही?"

"नाही. मला दिली नाही."

"अहो, तुमचा जबाब आणि तुम्हीच वाचली नाही?"

"माझं नाव आहे, एवढं सांगितलं," ताई म्हणाली. "आरोपी म्हणून."

"आरोपी? आरोपी दोन आहेत. तुमचा भाऊ आणि तुमच्या आई. तुमचं नाव आहे ते वेगळ्या ठिकाणी." मॅडमनी पान उलटलं, नाक पुसलं आणि वाचायला सुरुवात केली, वीज बिल वाचावं तशा आवाजात. "'त्या वेळी माझी नणंद मागच्या खोलीत होती. मी धावत जाऊन तिचं दार वाजवलं. तिला अर्धशिशीचा त्रास आहे, ती गोळी घेऊन झोपली होती, त्यामुळे तिला जाग आली नाही. जाग आली असती तर तिने मला आत घेतलं असतं. संध्याकाळी तिनेच माझ्या हाताला औषध लावलं. त्या घरात माझ्याशी माणसासारखी वागणारी ती एकटीच होती. तिच्याविरुद्ध माझी काहीही तक्रार नाही, आणि तिला या प्रकरणात त्रास देऊ नये अशी माझी विनंती आहे.'"

मॅडमनी फाइल खाली ठेवली. शेजारच्या टेबलावर मोटरसायकलवाला म्हणत होता, लाल नाही हो, काळपट लाल.

ताईला वाटलं आपल्या कानात वाफेचं यंत्र सुरू झालंय. पंधरा दिवस ती ज्या कागदाला घाबरून रस्त्यात वाकत होती, त्या कागदात हे होतं. त्या पोरीने भाजलेल्या हाताने तिला वाचवायचं लिहिलं होतं. आणि वकिलाने आणि आईने आणि धाकट्याने हे वाचलं होतं, म्हणूनच तिला वाचू दिलं नव्हतं.

"आता मला सांगा," मॅडम म्हणाल्या. "तुम्ही दवाखान्यात होतात, तर ही बाई खोटं बोलते. तसं असेल तर तसं सांगा, मी लिहिते. की घरात होतात?"

"घरात," ताई म्हणाली.

काचेच्या दारातून बाहेरचा बाक दिसत होता. आई ताठ बसली होती, दाराकडे बघत.

"आणि रजिस्टर?"

"पाळी बदलली होती. आमच्यात करतात तसं. सही दुसरीने केली. तिची काही चूक नाही, सुटी मला हवी होती."

मॅडमनी सुस्कारा सोडला आणि टाइप करायला लागल्या. टक, टक, टक. "दवाखान्याचं दवाखाना बघेल. म्हणजे तुम्ही घरात होतात, झोपलेल्या होतात. जाग आली नाही. बरोबर?" त्यांची बोटं अक्षरांवर थांबली होती. "बरोबर असेल तर मी एवढंच लिहिते आणि तुम्ही जाऊ शकता. तुम्हाला काही होणार नाही."

बघा, दार कसं उघडं होतं. पोरगी खोटी ठरत नव्हती, ताई आत जात नव्हती, फक्त मान हलवायची होती. झोपलेल्या माणसाने काय ऐकलं, असं तिला कोणीच विचारणार नव्हतं. पण मग आई काय म्हणाली, धाकटा काय म्हणाला, हे सांगायलाही कोणी उरणार नव्हतं. इस्त्री करताना भाजतं माणसाला, असं वकील म्हणाला असता आणि ते तसंच राहिलं असतं. त्या तिघांशिवाय जागं असलेलं एकच माणूस त्या घरात होतं. आणि जागी होते म्हटलं की पुढचा प्रश्न दाराचा.

"जागी होते," ताई म्हणाली.

मॅडमनी मान वर केली. "मग दार?"

"कडी मी लावली." तिने सांगितलं. "ती यायच्या आधी दार नुसतं लोटलेलं होतं. पावलं ऐकली आणि मी लावली."

"का?"

आईची भीती, असं म्हणता आलं असतं, आणि ते कोणीही मानलं असतं. "ती आत आली असती," ती शेवटी म्हणाली, "तर मला तिच्या बाजूने उभं राहावं लागलं असतं."

मॅडमनी टाइप करणं थांबवलं होतं. "बाई, हे मी लिहिलं की तुम्ही साक्षीदार राहाल की आरोपी व्हाल, ते माझ्या हातात नाही. वरचे साहेब बघतील, कोर्ट बघेल. नोकरीचंही होईल काहीतरी. कळतंय ना तुम्हाला?"

"कळतंय." आणि मग ज्या एका गोष्टीसाठी तिचा जीव आत्ता सगळ्यात जास्त घाबरला होता, ती तिने विचारली. "हे तिला वाचायला मिळेल का?"

"कोणाला? तक्रारदाराला? मिळेल. तिला सगळं कळतं."

ताईने पिशवीचा बंद मुठीत घट्ट धरला. बाहेर आई उठून उभी राहिली होती आणि काचेतून आत बघत होती.

"मग लिहा," ती म्हणाली, आणि खुर्ची सरकल्यापासून सांगायला लागली.